पलीकडच्या टोकाचा दांडा

आमच्या गावाला यायचं तर पूर्वी दांड्याखालूनच यावं लागे. गाव तापीच्या उत्तरेला, आणि दगडी कमानींच्या पुलाचा नाका पलीकडे, शिंदखेड्याच्या बाजूला. नाका म्हणजे एक पत्र्याची खोली आणि रस्त्यावर आडवा लोखंडी दांडा, त्याच्या एका टोकाला तारेने आवळलेला दगड. पावती फाडली की दगडाकडचं टोक खाली दाबायचं, मग दांडा करकरत वर जाई. पुलाचा खर्च निघेपर्यंतच पैसे घेणार, असं बांधताना सांगितलं होतं म्हणे. तो खर्च कधी निघाला ते तापीलाच ठाऊक. माझं लहानपण सरलं तरी दांडा आपला वरखाली होतच होता. तो उचलायचं काम माझ्या वडिलांचं. आम्ही त्यांना नाना म्हणायचो.

एका गाडीला मात्र पावती नसे. धुळ्याच्या दवाखान्यातून कोणी मरून घरी येत असलं, की नाना पैसे मागत नसत, पण गाडी लगेच सोडतही नसत. खिडकीशी जाऊन हळूच विचारत, "सांगं का?" म्हणजे, सांगितलं का? मग गाडीतलं कोणीतरी त्या माणसाच्या कानाशी वाकून म्हणे, "नदी उनी, चाला आते घर." नदी आली, आता घरी चला. एवढं झालं की दांडा वर जाई. पूल नव्हता तेव्हा हे काम नावाड्याचं होतं. मेलेल्या माणसाला पाण्यापाशी वाट सुचत नाही, कोणी सांगितलं नाही तर ते काठावरच बसून राहतं, अशी आमच्याकडची समजूत. नाव बंद झाली, पूल आला, आणि नावाड्याचं काम नाक्याकडे आलं.

मी कॉलेजात जाऊन चार पुस्तकं वाचली आणि या सगळ्याला नाक मुरडायला लागले. पण एक गोष्ट मी स्वतः पाहिली होती आणि ती काही केल्या पुसली जात नव्हती. वैशाखातली दुपार होती. मी नानांचा डबा घेऊन पूल ओलांडून गेले होते. ऊन मी म्हणत होतं, रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. नानांनी भाकरीचा घास हातात घेतला, आणि खालीच ठेवला. उठले, दगडावर हात दाबून त्यांनी दांडा वर नेला. समोर गाडी नाही, माणूस नाही, बकरीसुद्धा नाही. एखाद्याला चालत पलीकडे जायला लागेल तेवढा वेळ ते तसेच थांबले. मग दांडा खाली आणून परत जेवायला बसले.

"कोणासाठी हो नाना?" मी विचारलं.

"राही गयथा एक जण," ते म्हणाले आणि कांदा फोडायला लागले. पुलावरून परत येताना मी एकदाही मागे वळून पाहिलं नाही. पळतच घर गाठलं.

पुढे हमरस्त्यावर मोठा पूल झाला, वाहनं तिकडून जायला लागली, आमच्या नाक्याचा ठेका संपला. शेवटच्या दिवशी नानांनी दांडा वर केला आणि साखळीने तसाच बांधून ठेवला. "आते बठ्ठा मोकळा," असं म्हणाले, आता सगळे मोकळे. तेव्हापासून तो आभाळाकडे तोंड करून उभा. जुन्या पुलाचे कठडे ढासळले, दोन्ही टोकांना दगड टाकून गाड्या बंद केल्या, तरी पलीकडे नजर टाकली की दांडा उभाच दिसायचा. माहेरी आले की मी आधी त्याच्याकडे बघायची, मग घरात शिरायची.

गेल्या चैत्रात नाना गेले, धुळ्याच्या दवाखान्यात. मोठा भाऊ त्यांना रुग्णवाहिकेतून घेऊन निघाला. सोनगीर गेलं, नवा पूल आला. रुग्णवाहिकेला तिथे कोणी अडवत नाही, थांबवत नाही, विचारत नाही. भाऊ दोन रात्रींचा जागा होता, त्याचा डोळा लागला होता. मी असोद्याहून सासरच्यांबरोबर पोहोचले तेव्हा नाना ओट्यावर होते. माय भावाला एकच विचारत होती, "सांगं का? पूलवर सांगं का?" भावाने नाही म्हणून मान हलवली. बायका म्हणाल्या, दुःखानं डोकं फिरलं बिचारीचं.

दिवस झाले, पाहुणे पांगले, मी असोद्याला परतले. मग भावाचा फोन आला. माय जेवत नाही. दोन घास खाते आणि ताट सारते. दार लावू देत नाही, दुपारीही नाही, रात्रीही नाही. कोणी यायचं असल्यासारखा उंबऱ्याशी पाण्याचा तांब्या भरून ठेवते आणि नदीकडे तोंड करून बसते. "मी तिला धुळ्याला नेतो आणि घराला कुलूप लावतो," भाऊ म्हणाला. "आणखी एक महिना अशी राहिली तर तीही जाईल." तो रडत होता. मी त्याला कधी रडताना ऐकलं नव्हतं.

मी गेले. या वेळी दांड्याकडे न बघताच घरात शिरले. मायच्या हातातल्या बांगड्या तर उतरलेल्याच होत्या, आता हातही उतरला होता. मी चिडले. माझं तसंच आहे, जिवाला घोर लागला की मला आधी राग येतो. "नाना गेले माय. आपण त्यांना इथून पोचवलं ना? मग कोणाची वाट बघतेस?"

"शरीर उनं," ती म्हणाली. "त्या उनात नहीत. त्या तठेच बठेल शेत." नाना आले नाहीत, नदीपलीकडेच बसले आहेत, असं तिचं म्हणणं.

भर दुपारी मी ओसरीवर कैऱ्या चिरत होते. नदी आटून डबक्यांपुरती राहिली होती, झाडाचं पान हलत नव्हतं. पलीकडून आवाज आला. करकर, थोडं थांबून पुन्हा करकर. तो आवाज मी झोपेतही ओळखला असता. मी तिकडे पाहिलं, पण उन्हाच्या झळांत पलीकडचं काही दिसेना.

"पत्रा असेल खोलीचा," मी म्हणाले.

"वारा कोठे शे?" माय म्हणाली. "रोज याच टायमाले. बठ्ठासले त्यासनी उचली दिधा. त्यासले कोण उचली दी?" सगळ्यांसाठी नानांनी दांडा उचलला, मग नानांसाठी कोण उचलणार, असं ती विचारत होती.

भाऊ शेजारच्या खोलीत होता, त्यानेही ऐकलं होतं, पण त्याने कूस बदलली. मी चप्पल घातली आणि म्हणाले, "चल. एकीने दांडा उचलायचा, एकीने सांगायचं. मग तरी जेवशील?" माय उठली. महिनाभर भिंतीला धरून चालणारी बाई माझ्या पुढे चालायला लागली.

पूल पायाखाली तापला होता. कठडा नव्हता तिथे मी तिला मध्ये घेत होते. कावळा नाही, होला नाही, आमच्या चपलांचा आवाज तेवढा कमानींखालून परत येत होता. आमच्यापेक्षा थोडा उशिरानेच येत होता. मध्यावर आलो आणि मी समोर पाहिलं. दांडा उभा नव्हता. रस्त्यावर आडवा पडला होता, पूर्वीसारखा, कोणी नुकताच पाडल्यासारखा.

साखळी तुटली असेल, गुराख्यांनी ओढला असेल, असं मी मोठ्याने म्हटलं. ते मी मायला सांगत होते की स्वतःला, कोण जाणे. साखळी दगडाशेजारी पडली होती. तुटलेली नव्हती, सोडलेली होती.

खोलीचं दार निघालेलं होतं. आत धूळ, वाळकी पानं आणि नाना बसायचे ती फळी. फळीवर धूळ नव्हती. मी तिकडे दुसऱ्यांदा पाहिलं नाही.

दगडावर मी दोन्ही हात दाबले. लहानपणी मी त्या टोकाला लोंबकळायची आणि नाना हसायचे. आता सगळा भार टाकला तेव्हा दांडा हलला, गंज झडला आणि तो करकरत वर गेला. माय खोलीच्या दाराशी उभी राहिली. तिने डोक्यावरचा पदर नीट केला आणि साध्या, रोजच्या आवाजात म्हणाली, "नदी उनी. चाला आते घर." मग वळली आणि मागे न पाहता पुलावरून चालायला लागली.

एका माणसाला जायला लागेल तेवढा वेळ मी थांबले. आता सोडावा असं वाटलं, पण हात सैल होईनात. एक गोष्ट मला तेव्हा उमगली. नाना पहिले जाणारच नाहीत. नाका बंद झाल्यापासून त्या नव्या पुलावरून किती जण न सांगता गेले असतील. ते सगळे इथे बसलेले असतील, तर नाना आधी त्यांना सोडतील. आयुष्यभर त्यांनी दुसरं काय केलं होतं? म्हणून मी दांडा धरून राहिले. दंड थरथरायला लागले, घाम डोळ्यांत उतरला. रस्त्यावर काहीच नव्हतं. काहीच नव्हतं, पण माझ्या शेजारून एकामागून एक गारवा जात होता, त्या उन्हात.

मग तो गारवा थांबला. दांडा माझ्या हातात एकदम हलका झाला, कोणी दुसऱ्याने दगडावर हात ठेवला की होतो तसा.

मला रडू फुटलं. नाना गेल्यापासून मी रडलेच नव्हते, नुसती सगळ्यांवर चिडत होते. "नाना, आता तुम्ही," मी म्हणाले. "मी धरलाय. नदी उनी, नाना. चाला घर."

माय तोवर पुलाच्या मध्यावर गेली होती. तिथवर माझा आवाज जाणं शक्य नव्हतं. ती थांबली. मागे पाहिलं नाही, फक्त एका बाजूला सरकली, शेजारून चालणाऱ्याला जागा करून द्यावी तशी. मग पुढे निघाली, पण आता सावकाश, नानांच्या चालीने.

मी दांडा साखळीने वर बांधला. तिच्यामागून गेले, पण अंतर ठेवून.

त्या संध्याकाळी मायने भाकरी आणि ठेचा मागून घेतला. तांब्यातलं पाणी उंबऱ्याबाहेर ओतलं आणि दाराला आतून कडी लावली.