गिधाड मामांचं कोरं धोतर

गिधाड मामा सांत्वन करत नसत, टेम्पो अडवत. बारामतीच्या दवाखान्याच्या फाटकाशी, चहाच्या गाड्याजवळ ते बसलेले असायचे. अपघातातल्या माणसाचा वाटेतच जीव गेला, की घरचे टेम्पो फाटकातूनच माघारी वळवायचे. मेल्यावर आणखी चिरफाड कशाला, म्हणून. मामा उठायचे आणि बॉनेटवर हात ठेवून उभे राहायचे. "पोस्टमार्टेम झाल्याबिगर गाडी हलायची न्हाय."

शिव्या ठरलेल्या. 'गिधाड' हे नाव त्यातूनच पडलं. वकिलाकडून दलाली खातात, असंही लोक बोलायचे. मामा सगळं ऐकून घ्यायचे आणि म्हणायचे, "व्हय, गिधाड हाय मी. पण राख साक्ष देत न्हाय, बाबा."

माझा नवरा इंदापूरच्या रस्त्यावर गेला. दिवेलागणीला उसाची ट्रॉली वाटेतच उभी करून ठेवली होती. मागं ना दिवा, ना चमकणारी पट्टी. त्यांची मोटारसायकल तिच्यावर आदळली. दीर म्हणाले, कळसला घरी नेऊ. तेवढ्यात हा म्हातारा आडवा आला. मी किंचाळले, "तुझं कोण मेलं म्हंजी कळंल तुला!"

"मेलंय, पोरी," मामा म्हणाले. हात काही काढला नाही.

त्यांच्या पिशवीत कायम एक कोरं धोतर असायचं. पोस्टमार्टेम झाल्यावर ते स्वतः आत गेले आणि ह्यांना गळ्यापासून पायापर्यंत त्यात गुंडाळून बाहेर आणलं. "बाईमाणसाला टाकं दिसू नयेत. तोंड तेवढं ध्यानात ऱ्हाऊ दे." मला आजही ह्यांचं तोंडच आठवतं. एवढी माया मला माझ्या भावकीतसुद्धा कुणी दाखवली नाही.

मामांच्या मुलाची गोष्ट मला कोर्टाच्या व्हरांड्यात कळली. आमच्या क्लेमच्या तारखांना ते सुप्याहून यायचे, तेव्हा एकदा बोलता बोलता म्हणाले. त्यांच्या पोराला सुप्याजवळ जीपनं उडवलं. दवाखान्याच्या दारातून टेम्पो माघारी वळवायला स्वतः मामांनीच सांगितलं होतं. "म्हटलं, माझ्या लेकराच्या अंगाला सुरी लागू देणार न्हाय." पुढं विम्याच्या वकिलानं विचारलं, मुलगा अपघातानेच मेला कशावरून? घरी ताप येऊन मेला नसेल कशावरून? अख्ख्या गावानं जीप पाहिली होती. पण जबाबाला उभं राहायची वेळ आली तेव्हा गावाला काहीच आठवेना. क्लेम फेटाळला. सून तेव्हापासून दुसऱ्याच्या रानात खुरपायला जाते.

आमच्या खटल्यात तोच प्रश्न विचारायची सोय विम्याच्या वकिलाला राहिली नाही. मग त्यानं दुसरे प्रश्न काढले. नवरा शेतकरी, पगाराची पावती कुठाय? डेअरीला दूध घालायचा, मग घरच्या म्हशी कुणाच्या नावावर? म्हणजे माणूस मेला हे कबूल, पण तो काही कमावत होता हे आता आम्ही शाबीत करायचं. शेवटी क्लेम मिळाला. वकिलाची फी गेली, दिरांनी 'भावाचा हक्क' म्हणून हात मारला, आणि उरलं त्यात माझं शिलाई मशीन आणि पोरीचं शिक्षण निघालं. ते मामांच्या हटवादीपणामुळं. नाहीतर मीही आज खुरपं घेऊन बांधावर असते.

परवा चहावाल्याचा फोन आला. मामांनाच एका पिकअपनं उडवलं होतं; घरचे टेम्पोतून आणत होते, पण वाटेतच जीव गेला होता. मी मशीन तसंच सोडून निघाले. वाटेत दुकानातून कोरं धोतर घेतलं.

पोचले तेव्हा टेम्पो फाटकातून माघारी वळत होता. मागं मामांची बायको, सून आणि पुतण्या. मी बॉनेटवर हात ठेवला. पुतण्या अंगावर आला. मामी ओरडल्या, "जल्मभर लोकांची माणसं फाडायला लावली ह्यांनी. आता ह्यास्नी तरी धड जाऊ दे!"

"मामी, राख साक्ष देत न्हाय."

"गिधाड हायेस तू!"

"व्हय, हाय," मी म्हणाले.

मग टेम्पोतून सून खाली उतरली. नवऱ्याच्या वेळी तिला कुणी विचारलंच नव्हतं. ती सासूकडं न बघता माझ्यापाशी आली, माझ्या हातातलं धोतर घेतलं, आणि दवाखान्याच्या दाराकडं चालायला लागली.