दोन थेंब, तीन थेंब

रेणापूर मागं पडलं तसे पाय बोलायला लागले. कपिलधारची पायी दिंडी, कार्तिकातलं ऊन, आणि माझ्या बाजूला वर्षाराणी. ही आमच्या लातूरच्या गल्लीतली सून, माहेर कंधारचं. पुढं चालणारी दानम्मा सकाळपासून तिला टोमणे मारत होती, की ही देवाला निघाली का फोनला प्रदक्षिणा घालून राहिली. वर्षाराणी हसायची. फोन वाजला तेव्हाही ती हसतच होती.

मग ती रस्त्यातच थांबली. इंग्रजीत दोन-चार शब्द बोलली आणि बाभळीखाली मटकन बसली. मला वाटलं, घरचं कुणी गेलं. विचारलं तर म्हणाली, घरचं न्हाई, कैरोतलं एक लेकरू दवाखान्यात हाय, डोळे उघडत न्हाई.

कैरो कुठं आणि आम्ही कुठं. तिथल्या लेकराशी हिचा काय संबंध, मला कळेना.

वर्षाराणी कॉम्प्युटरवर अक्षरं काढते, एवढंच गल्लीला माहीत. बी.ए. झाल्यावर ती एका छापखान्यात लागली होती. तिथं उर्दू लग्नपत्रिका छापायच्या. हातानं उर्दू लिहिणारे म्हातारे चाचा डोळ्यांनी अधू होत चालले होते, त्यांनी हिला बोरू धरायला शिकवलं. पुढं ती मोबाइलसाठी अरबी फॉन्ट करायला लागली. अक्षरं जाड, ठसठशीत. उन्हात, फुटक्या काचेतूनही वाचता यावीत अशी. परदेशातल्या जाहिरातींवर, बातम्यांवर ती झळकायची. सासू जगदेवीबाई कौतुकानं म्हणायच्या, आमची सून अक्षरांना खाऊ घालून लठ्ठ करती. सकाळी इष्टलिंगाची पूजा झाल्याशिवाय मात्र ती कामाला बसत नसे. अरबी भाषा तिला येत नाही, म्हणून कैरोच्या एक बाई तिची अक्षरं तपासून द्यायच्या. आत्ताचा फोन त्यांचाच होता.

वर्षाराणीनं धुळीत बोटानं दोन आकडे काढले. अरबी दोनाच्या डोक्यावर एक खाच, तिनाच्या डोक्यावर दोन. आकडा जाड केला की खाचा बुजतात, म्हणून त्या मुद्दाम मोकळ्या ठेवायच्या. कैरोच्या बाईंनी तसं बजावलं होतं. हिला ते फाटकं दिसलं. हिनं ऐकलं नाही.

तोच फॉन्ट एका कंपनीनं औषधांच्या अ‍ॅपवर लावला. एका आईनं लेकराच्या आकडीच्या औषधाचे दोन थेंब तीन वाचले, आणि रोज तीनच दिले. आता कंपनी म्हणते, आईनंच नीट पाहिलं नाही. त्या बाईशी घरातसुद्धा कुणी बोलत नाही.

वर्षाराणीनं तेच आकडे अंगठ्यानं पुन्हा काढले, जाड.

"दोन कोणता, काकू?"

मी डावीकडचा दाखवला. तो तीन निघाला. लातूरच्या खोलीत, देवाची पूजा करून काढलेला आकडा, आणि समुद्रापलीकडं एक लेकरू डोळे उघडत नाही. शाळेत आम्ही पाट्यांवर किती आकडे गिरवले, आकड्यानं माणूस आडवा होतो हे कधी मनात आलं नव्हतं.

दिंडी पुढं गेली होती. टाळांचा आवाज लांब लांब जात होता. काहीतरी बोलायचं म्हणून मी म्हटलं, तू काय जाणूनबुजून केलंस का, त्या आईनं वाचलं तेव्हा उजेड कमी असेल.

"ती आई हेच म्हणून राहिली असेल, काकू. तिचं कुणी ऐकलं न्हाई."

कैरोच्या बाईंनी तिला सांगितलं होतं, की अजून अक्षराकडं कुणाचं लक्ष गेलेलं नाही. गप्प बसली तरी चालणार होतं. बोलली, तर फॉन्ट उतरवतील, आणि पुन्हा तिला काम कोण देईल? हे सगळं तिनंच मला सांगितलं, गळ्यातलं लिंग मुठीत धरून. मी मनातल्या मनात महादेवाला त्या लेकरासाठी हात जोडले. नाव माहीत नव्हतं, नुसतं लेकरू म्हटलं.

तिनं पदरानं फोनची काच पुसली.

"मी आत्ताच कंपनीला लिहिते. तुम्ही हितंच बसा, काकू. लिहून झालं की मराठीत सांगते. त्यात मी कुठं 'कदाचित' म्हटलं, तर मला ते खोडायला लावा."