रूथबाईंच्या आईची एक ओळ

रूथबाईंना खुर्चीत टेकलेलं मी फारसं पाहिलं नाही. इथे अमेरिकेत आमच्या शेजारच्या घरात त्या एकट्या राहत. नव्वदी ओलांडली होती, तरी कॉफी उभ्यानेच प्यायच्या. मी "सिट, सिट" केलं की म्हणायच्या, "बसून कुणाचं भलं झालंय, सुमन?" माझं इंग्रजी तोडकं. त्यांना इतकी घाई, की माझं वाक्य त्याच पुरं करायच्या, बहुतेक वेळा चुकीचं. एकदा मी मीठ मागायला गेले आणि शिडी घेऊन आले.

त्यांची आई आणि दोन मावश्या लग्नाआधी गावोगावच्या थिएटरांत गात. कसरतवाले, जादूगार, नकला, आणि मध्ये या तिघी. बोलपट नवे निघाले तेव्हा त्यांना गाण्याची फिल्म काढायला स्टुडिओत बोलावलं. थिएटरात कडवं संपलं की टाळ्या पडत. तिघी थांबून, वाकून मग पुढचं कडवं घेत. स्टुडिओत माईक फुलदाणीत लपवलेला, कुणी चुळबूळसुद्धा करायची नाही. तरी सवयीने त्या थांबल्या, वाकल्या, न येणाऱ्या टाळ्यांची वाट बघत राहिल्या. पुन्हा बोलावणं आलं नाही.

आईने गाणंच सोडलं. लहानपणी रूथबाई हट्ट करायच्या, तेव्हा ती म्हणायची, "समोर माणसं नसली की माझा गळा उघडत नाही."

"मग मी कोण होते?" रूथबाई मला विचारायच्या, आणि मी शब्द जुळवेपर्यंत फाटकापाशी पोचलेल्या असायच्या.

त्या गेल्या त्याच्या आधीच्या हिवाळ्यात युनिव्हर्सिटीतल्या लोकांना ती फिल्म आवाजासकट सापडली. दाखवायचं ठरल्यापासून बाई रोज आमचं दार वाजवायच्या. "बर्फ पडला तर? कॅन्सल केलं तर? मीच कॅन्सल झाले तर?"

"मिस रूथ, रिलॅक्स!" माझी नात सई म्हणायची. "मी ड्राइव्ह करतेय ना."

"शेवटच्या कडव्याची पहिली ओळ आई एकटी गाते," त्यांनी मला बजावलं. "तेवढी ऐकायचीय."

प्रोफेसरांनी आधीच त्या थांबण्याची गोष्ट सांगितली होती. त्यामुळे पडद्यावर तिघी वाकल्या तसं सगळं सभागृह प्रेमाने टाळ्या वाजवू लागलं. टाळ्या थांबेनात. मधल्या बाईचे, म्हणजे रूथबाईंच्या आईचे, ओठ हलू लागले.

"शट अप!" रूथबाई ओरडल्या. "गाऊ द्या तिला!"

तोवर ओळ निघून गेली होती.

त्यांनी फिल्म परत लावायला लावली. या वेळी कुणी हललं नाही. ती शांतता मलाच सोसवेना. मग आवाज आला, बारीक, जरासा नाकातला.

गाडीत बसल्यावर रूथबाई फटकन म्हणाल्या, "कुणी नव्हतं समोर. तरी गायली की! माझ्याशी खोटं बोलली." मी त्यांचा हात धरला, तो त्यांनी सोडवून घेतला.

सकाळी दार वाजलं. अंगात कोट, पायात चपला, बाहेर बर्फ.

"सुमन, ती घाबरली होती. ऐकलंस ना? आवाज थरथरत होता." त्या दारातच येरझाऱ्या घालत होत्या. "परक्यांपुढे चुकलं तर घरी जाता येतं. माझ्यापुढे चुकली असती, तर कुठे गेली असती?"