‘अप्पा’ म्हणेल त्यालाच दार

धोंडिरामच्या पहाऱ्यातून बावीस वर्षांत एक पंचासुद्धा चोरीला गेलेला नाही. हे तो स्वतः कधी सांगत नाही. अक्कलकोट रोडवरच्या टॉवेलच्या गोदामाचे मालक सांगतात, आणि तेही फक्त दिवाळीला, मिठाईचा पुडा हातात ठेवताना. सकाळी सहा ते दुपारी दोन हा माणूस गेटवर उभा. येणाऱ्याला नाव विचारणार, जाणाऱ्याची पिशवी उघडून बघणार आणि ड्युटीवर मोबाइलला हात लावणार नाही. मालकाच्या सख्ख्या मेव्हण्याला त्यानं एकदा एप्रिलच्या उन्हात अर्धा तास बाहेर ताटकळत ठेवलं होतं. मेव्हणा गाडीतून ओरडत होता, “अरे, मी कोण आहे माहीत आहे का तुला?” आणि धोंडिराम शांतपणे म्हणत होता, “तेच तर इचारतोय, सायेब.”

असा माणूस घरातच असल्यावर सृष्टीला राखणदार शोधायला लांब जावं लागलं नाही. सृष्टी ही त्याची एकुलती एक लेक, बी.सी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला. खो-खोच्या सामन्यांसाठी तिला तीन दिवस अकलूजला जायचं होतं. जायच्या आदल्या दिवशी ती म्हणाली, “अप्पा, तीन दिवस माझं घर राखाल का?” धोंडिरामनं आधी हो म्हटलं आणि मग कुठलं घर ते विचारलं. गेटवरचे सगळे नियम लेकीपुढे उलटे होतात, त्याला इलाज नाही.

तिनं त्याला कॉम्प्युटरसमोर बसवलं. पडद्यावर एक बेट होतं, त्यावर नदी होती, झाडी होती आणि नदीकाठी दगडी भिंतींचं एक बुटकं घर.

“हे कुटं हाय म्हणायचं?”

“कुटंच न्हाई, अप्पा. गेम हाय. सर्व्हरवर असतंय.”

“आन् चोर?”

“चोर खरे. माणसंच खेळतात की. कोण पुण्याचं, कोण पार परदेशातलं. आपण झोपलो, कॉलेजला गेलो, तरी घर तितंच उभं ऱ्हातंय. मग ते येतात आन् फोडतात.”

घर खोटं आणि चोर खरे. बावीस वर्षांत असला प्रकार धोंडिरामच्या गेटवर आला नव्हता.

आतल्या खोलीत एक पेटी होती. पेटीत एक लांब पल्ल्याची बंदूक, पोलादी चिलखत आणि नावं लक्षात न राहणाऱ्या आणखी पंधरा-वीस चिजा. सृष्टी, तिची मैत्रीण कीर्ती आणि टीममधल्या आणखी दोघी, अशा चौघींनी चार महिने खपून ते जमवलं होतं. “गेलं की गेलं, अप्पा,” सृष्टी म्हणाली. “पोलीस न्हाईत, तक्रार न्हाई. परत पहिल्यापासून, हातात दगड घेऊन झाड तोडण्यापासून.” हे सांगताना तिचा आवाज इतका बारीक झाला, की ती पेटी खरी आहे की खोटी हा प्रश्न धोंडिरामनं तिथंच सोडून दिला. लेकीचा जीव त्यात अडकलाय, एवढं त्याला पुरलं.

मग सूचना झाल्या. कपाटात रोज लाकूड टाकायचं, नाहीतर भिंती आपोआप झिजतात. (“दगडी भिंतीला लाकूड?” – “दगड पण टाका थोडा.” – “कपाटात?” – “व्हय, कपाटात.”) घराला एकामागं एक दोन दारं, आतलं बंद केल्याशिवाय बाहेरचं उघडायचं नाही, म्हणजे दारात कुणी दबा धरून बसलं असलं तरी पेटीपर्यंत पोचत नाही. संशय आला तर कुलपाचा नंबर बदलायचा. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, कुणी काहीही बोललं तरी दार उघडायचं नाही. “माझं नाव सांगतील, अप्पा. आवाज बदलायची सोय असते. मीच हाय म्हणतील. फसायचं न्हाई.”

“मला कोण फसवतंय,” धोंडिराम म्हणाला. आपल्याला अजून कॉम्प्युटरचा उंदीर नीट धरता येत नाही, हे तो त्या घटकेला विसरला होता.

पहिल्या दिवशी तीन वाजता तो ड्युटीवर बसला. बसला म्हणजे अगदी रीतसर. डोक्यावर टोपी, कानांवर लेकीचा हेडफोन आणि मोबाइल स्वयंपाकघरात डब्यामागं, आवाज बंद करून. त्याची बायको रत्नम्मा कडक भाकरींची पाटी घेऊन खानावळीला निघाली होती. तिनं दारातून एकदा बघितलं, पदर तोंडाला लावला आणि गेली. धोंडिरामनं कपाटात लाकूड टाकलं. घराभोवती दोन फेऱ्या मारल्या, त्यातल्या एका फेरीत नदीत पडला. मग त्याच्या लक्षात आलं, की घर अंधारात आहे. खेळातली संध्याकाळ इथल्या भर दुपारी होते, हे एक त्याला नवीनच होतं. अंधारातलं गोदाम म्हणजे चोराला आवतण. त्यानं शोधून शोधून सगळे दिवे काढले आणि चारही भिंतींना बाहेरून लावले. घर लग्नघरासारखं उजळलं. फोनवर त्यानं हे लेकीला मोठ्या अभिमानानं सांगितलं.

“अप्पा!” ती किंचाळलीच. “दिवे कशाला लावले? उजेड दिसला की कळतं न्हवं का, आत माल हाय म्हणून!”

“उजेडाला चोर भितो, पोरी.”

“तितं न्हाई भीत. तितं येतो.”

त्याला हे काही केल्या पटेना. बावीस वर्षं मालकाला सांगून सांगून त्यानं गोदामाला सात बल्ब लावून घेतले होते. आता ते बरोबर होते की चूक, अशी शंका त्याला दुसऱ्या दिवशी खऱ्या गेटवर उभं राहून येत राहिली.

दुसऱ्या दिवशी एकजण आलाच. अंगावर लंगोटीएवढं कापड, हातात दगड, आणि सारखा उड्या मारत होता. धोंडिरामनं आतून माइकवर विचारलं, “नाव? गाव? कुणाकडं काम हाय?” उघडा मनुष्य जागच्या जागी थांबला. बहुतेक त्यालाही असा प्रश्न या बेटावर पहिल्यांदाच आला असावा. “चाचा, खोलो ना,” तो म्हणाला, घराला एक चक्कर मारली, भिंती निरखल्या आणि निघून गेला. भिंती निरखणारा पाहुणा म्हणजे काय, हे सांगायला धोंडिरामला सर्व्हर लागत नव्हता. त्यानं कुलपाचा नंबर बदलला. सृष्टीचा फोन आला तेव्हा नंबर बदलल्याचं सांगितलं, पण नंबर काही सांगितला नाही. कुलपाचा आकडा फोनवर बोलायचा नसतो. तू आल्यावर कानात सांगतो, म्हणाला. ती हसली. “लई भारी, अप्पा,” म्हणाली. तो दिवसभर तेवढ्यावरच जगला.

तिसऱ्या दिवशी, चारच्या सुमारास, कोणीतरी पळत आलं आणि बाहेरच्या दारावर धडका द्यायला लागलं.

“पप्पा! पप्पा, दार उघडा!”

हेडफोनमध्ये आवाज पत्र्याच्या डब्यात बोलल्यासारखा येत होता. पोरीचा होता, एवढं कळत होतं. मागं कुठंतरी गोळ्यांचे आवाज होते.

“कोण?” धोंडिराम म्हणाला.

“मी सृष्टी! सामना लवकर संपला. कीर्तीच्या लॅपटॉपवरनं आलीय, तिचा प्लेअर घेऊन. कुलपाचा नंबर लागत नाहीये. लवकर उघडा, दोघं मागं लागलेत. मी आत आले तर आपण दोघं मिळून राखू!”

दाराबाहेरच्या बाहुलीच्या डोक्यावर इंग्रजीत काहीतरी लिहिलं होतं. त्यानं एकेक अक्षर जुळवलं, ते सृष्टी नव्हतं. आवाज तिचा वाटत होता. पण आवाज बदलतात, हे तिनंच सांगितलं होतं. नाव सांगतील, तेही तिनंच सांगितलं होतं. आणि एक गोष्ट तर उघड उघड चुकत होती.

“आमची सृष्टी मला पप्पा म्हणत न्हाई,” तो म्हणाला.

रत्नम्माचं माहेर मैंदर्गीच्या पलीकडचं, कानडी. तिथं बापाला अप्पा म्हणतात, आणि पोरगी बोलायला लागल्यापासून तेच म्हणत आली. कॉलेजात गेल्यावर मैत्रिणींसमोर या अप्पाचा पप्पा झाला होता. घरी आल्यावर पुन्हा अप्पा. ही बदली धोंडिरामला कुणी कळवलीच नव्हती.

अकलूजला मुक्कामाच्या खोलीत त्या वेळी टीममधल्या तिघी सृष्टीच्या खांद्यावरून पडद्याकडे बघत होत्या. म्हणायचा होता एकच शब्द. तो तिच्या ओठांवर आला आणि तिथंच अडला. लाज वाटली तिला, दुसरं काही नाही. पाच सेकंद गेले असतील. एक गोळी दारावर आदळली.

“अप्पा!” ती ओरडली. “अप्पा, मी हाय! अप्पा!”

त्या हाकेनं धोंडिराम इतका विरघळला, की आतलं दार आधी बंद करायचं असतं हे त्याच्या ध्यानातच राहिलं नाही. दोन्ही दारं सताड उघडी. सृष्टी उंबऱ्यावर पोचली आणि तिथंच कोसळली. तिच्या अंगावरून दोघंजण आत शिरले. पुढचं त्याला नीट दिसलंही नाही. पडदा लाल झाला, मग काळा झाला, आणि मग तो उघड्या अंगानं समुद्रकाठी उभा होता. हातात एक दगड होता.

त्यानं टोपी काढून मांडीवर ठेवली. उशिरा उघडलं म्हणून गेलं, की उघडलं म्हणून गेलं? लेकीचं ऐकलं म्हणून, की ऐकलं नाही म्हणून? स्वयंपाकघरातल्या मोबाइलवर तिचे अकरा फोन येऊन गेले होते. त्यानं परत फोन केला नाही. करून सांगायचं काय, तेच त्याला कळत नव्हतं. दुसऱ्या दिवशी गोदामाच्या गेटवर मालकाचा मेव्हणा आला, तर यानं न विचारता त्याला आत सोडलं. मेव्हण्यानं घाबरून विचारलं, “बरं आहे ना सगळं?”

दुपारी घरी येऊन तो नुसता बसून होता. आतून कडी. रत्नम्मा खानावळीला. जिन्यावर पावलं वाजली, बऱ्याच जणींची, आणि दारावर थाप पडली.

“कोण?” सवयीनं त्याच्या तोंडून गेलं, आणि त्यानं जीभ चावली.

बाहेरची खुसखुस थांबली. मग सगळ्या चाळीला ऐकू जाईल अशा आवाजात हाक आली, “अप्पा! दार उघडा की, अप्पा!”

बावीस वर्षांच्या पहारेकऱ्याला स्वतःच्या घराची कडी सापडेना. सापडली तर निघेना. दार उघडलं तेव्हा सृष्टी खांद्यावर बॅग घेऊन उभी होती आणि मागं जिन्यात तिघी.

“माल गेला समदा,” धोंडिराम म्हणाला. “मला एवढंच सांग पोरी, दार लवकर उघडाया पायजे हुतं, का उघडायलाच नको हुतं?”

“तुमी बरोबरच केलं, अप्पा.” तिचे डोळे भरून आले. “हाक मारायला मीच लाजले. ह्यांच्यासमोर.” तिनं मागं हात केला. “घरी तुमाला काय म्हणते ते ह्यांना ठाऊकच नव्हतं.”

बापाला यातलं निम्मं कळलं, निम्मं नाही. माल गेल्यावर बरोबर काय केलं, हा गुंता काही सुटला नाही. पण जे निम्मं कळलं, तेवढं त्याला पुरलं. तो अजून दार अडवूनच उभा होता.

मागून कीर्ती वाकून म्हणाली, “अप्पा, आम्ही पण येऊ का आत? ऊन फार आहे.” आणि उरलेल्या दोघी एकदमच, “अप्पा, पाणी द्या ना!”

आता घ्या. जपून ठेवलेला एकच शब्द, तो एका दुपारीत चौघींच्या तोंडी झाला. धोंडिरामनं चौघींकडे आळीपाळीनं पाहिलं आणि दारातून बाजूला झाला. त्यानं एकीलाही नाव विचारलं नाही.