आईचं मत

आमच्या भागाचा आमदार आणि मी एकाच वर्गात शिकलो. वक्तृत्वाची बक्षिसं मी आणायचो, तो मागच्या बाकावरून टाळ्या वाजवायचा. महाराष्ट्र नवा नवा झाला होता तेव्हा तो पहिल्यांदा उभा राहिला. धामणगाव बढ्याच्या बाजारात त्याच्यासाठी मीच बोललो. मिरचीचे ढीग सोडून लोक ऐकायला आले. निवडून मात्र तो आला. तो मुंबईला विधानसभेत गेला, मी वांग्याच्या मळ्यात परतलो.

पुढच्या निवडणुकीत तो पुन्हा आला. रस्ता झाला तर त्याच्यामुळे, वीज आली तर त्याच्यामुळे. सोयऱ्यांकडे गेलो की 'आमदाराचे दोस्त' अशी माझी ओळख करून देत. अंगाचा तिळपापड व्हायचा. "तिथं विधानसभेत हा तोंड तरी उघडते का?" मी विचारायचो. लोक हसून म्हणायचे, "कामं करते ना तो."

मग आईला मोतीबिंदू झाला. कापूस वेचून झाला की अकोल्याला न्यायचं आमचं ठरलं होतं. त्याला कुठून कळलं कोण जाणे, एका सकाळी जीप घेऊन दारात उभा. "चाल माय, अकोल्याले जाऊ." आई पुढे त्याच्या शेजारी बसली. मी मागे, तिचं गाठोडं मांडीवर घेऊन.

पट्टी सोडली तेव्हा तिच्यासमोर मी होतो. तिनं मला पाहिलं, ओळखलं आणि विचारलं, "तो कुठी गेला?"

त्यानंतर मला त्याचं नावही सोसेना. निवडणूक आली तेव्हा त्याच्याविरुद्ध मी अपक्ष उभा राहिलो. "काऊन हे करून राह्यले तुमी?" बायकोनं विचारलं. माझ्या सभांना गर्दी व्हायची, लोक माना डोलवायचे. वाटलं, जमलं.

मतदानाच्या दिवशी आईचा हात धरून मीच तिला शाळेकडे घेऊन निघालो. वाटेत ती म्हणाली, "हे पाह्य, मी मत त्याले देईन."

"अन् मले?"

"तो परवा घरी आला, पाय धरून मत मांगून गेला. तू घरातच हायेस. तू मले मांगतलं का?"

मी तिचा हात सोडला नाही.

मी हरलो. मिरवणूक आमच्या दारात थांबली. गुलालानं माखलेला तो आत आला, आईच्या पाया पडला आणि त्यानं मला कडकडून मिठी मारली. माझा धुतलेला सदरा लाल झाला. आईनं त्याला जेवायला बसवलं. भाजी माझ्याच मळ्यातल्या वांग्यांची होती.

"लय चवदार हायेत बे तुये वांगे," तो म्हणाला.

"वाढ त्याले अजून," आई मला म्हणाली. मी वाढली.

मी पुन्हा कधी उभा राहिलो नाही. तो येतच राहिला. आई गेली तेव्हा तो अधिवेशनात होता. राख सावडायच्या दिवशी पोचला आणि ओट्यावर बसून लहान पोरासारखा रडला. गावातल्या बाया त्याच्याभोवती जमल्या. कोणी पाणी दिलं, कोणी पाठीवरून हात फिरवला. मी दारात उभा राहून पाहत होतो. आई माझी गेली होती, आणि समजूत त्याची चालली होती.