विद्याकाकूच्या बेसमेंटमधला अल्बम

एका बेसमेंटमध्ये चार दिवस काढले की किस्से आपोआप साठतात. माझ्याकडे तर इतके साठलेत की कुणी नुसतं "अल्बम कसा झाला?" विचारलं तरी मी सुटते.

पश्चिम आफ्रिकेत, डकारला दोन वर्षं संगीत शिकून मी शिकागोजवळच्या नेपरव्हिलला परत आले ती एकच गोष्ट डोक्यात घेऊन. मालीचे दोन वादक, विजेवर चालणारं एकही वाद्य नाही, एकच माइक, कापाकापी नाही. जे वाजेल ते खरं असलं पाहिजे! लामीन शिकागोत राहतो आणि कोरा वाजवतो, म्हणजे अर्ध्या भोपळ्याचं, एकवीस तारांचं वाद्य. सेकू गिटार वाजवतो. तो मालीतल्या बामाकोहून आला होता आणि रविवारी त्याची फ्लाइट होती. अरुणकाकांनी आपलं बेसमेंट देऊन टाकलं. काकूला न विचारता.

*

पहिल्याच दिवशी फर्नेसची घरघर माइकमध्ये यायला लागली. मी हीटिंग बंद केलं.

"अगं, बाहेर बर्फ पडतोय!" काकू ओरडली.

दोघांनी जॅकेटं चढवली, तर जॅकेटांची सळसळ. शेवटी काकूने जुन्या साड्यांच्या दोन गोधड्या आणून त्यांच्या खांद्यांवर टाकल्या. कव्हरवरच्या फोटोत ते त्याच गोधड्यांत आहेत. लोक मला विचारतात, हा मालीचा पारंपरिक पोशाख का?

*

कोऱ्यावर गाईचं कातडं असतं हे कळल्यावर काका दोन पावलं मागे सरकले. "बरोबर वर देवघर आहे."

"आणि पखवाजाला काय रेक्झिन लावतात?" काकू म्हणाली.

काका दोन पावलं पुढे आले.

*

दुसऱ्या दिवशी सेकू जिना उतरता उतरता लामीनला म्हणाला, "गुड मॉर्निंग, माझ्या गुलामा. आज पण चवळी खाऊन आलास?"

"तुझ्या खानदानाने शिल्लक कुठे ठेवली?" लामीन म्हणाला.

काकांचा चेहरा उतरला. "यार, अल्बम गेला."

मी समजावलं. मालीत काही आडनावांचं एकमेकांशी पिढ्यान्‌पिढ्या थट्टेचं नातं असतं. भेटलं की टोमणा मारायचाच आणि समोरच्याने रागवायचं नाही. सगळ्यांत मोठा टोमणा म्हणजे 'तू चवळी खातोस'. आणि ते एकमेकांशी अदबीने बोलायला लागले, तर समजायचं, खरंच बिनसलंय.

"आमच्या ऑफिसात कुणी असं बोललं तर एचआर बॅज काढून घेईल," काका म्हणाले.

तरी संध्याकाळी त्यांनी टेक्सासमधल्या मेव्हण्याला फोन लावला आणि हॅलोच्या जागी म्हणाले, "तू चवळी खातोस."

मेव्हणा हळूच म्हणाला, "ताईने सांगितलं का तुम्हाला? कोलेस्टेरॉल वाढलंय हो, भावोजी."

*

शनिवारी दुपारी एकच गाणं उरलं होतं. सेकूच्या वडिलांची चाल. ते गेल्या वर्षी गेले. पहिला टेक संपल्यावर लामीन म्हणाला, "तुझे वडील याहून सावकाश वाजवायचे."

सेकूने गिटार खाली ठेवली. "थँक यू, सर."

"यू आर वेलकम, सर," लामीन म्हणाला.

काका खूश. "बघ, शेवटी सभ्यपणे बोलायला लागले."

सेकू गिटार केसमध्ये ठेवत होता. उद्या तो जाणार आणि हे गाणं कधीच होणार नाही. मी धावत किचनमध्ये गेले आणि रडवेली होऊन काकूला सगळं सांगितलं.

ती दोन वाट्या भरून खाली आली. चवळीची उसळ. एक लामीनसमोर ठेवली, एक सेकूसमोर. सेकूच्या खांद्यावरची गोधडी नीट केली आणि तिच्या इंग्लिशमध्ये म्हणाली, "यू ईट बीन्स. युअर फादर ऑल्सो."

काका जिन्यावरून पुटपुटले, "विद्या, अगं..."

सेकूने वाटी हातात घेतली. मग म्हणाला, "रोज खायचे. भांडं लपवून ठेवायचे, लामीनच्या घरच्यांपासून."

"लपवणारच," लामीन म्हणाला. "भांडं आमचं होतं."

सेकूने केस उघडली. या वेळी त्याने सावकाश वाजवलं.

माइक मी बंद केलाच नव्हता. ते गाणं वाट्या टेकवण्याच्या आवाजाने सुरू होतं, मग काकू बोलते.

"तेवढं कापू का?" मी दोघांना विचारलं.

दोघं एकदम म्हणाले, "तू चवळी खातेस."