जमिनीवरून उठणारी आजी

आमचे दिग्दर्शक जपानी. शाळा संपल्यासंपल्या एका ॲनिमेशन स्टुडिओत दोन चित्रांच्या मधली चित्रं काढायला बसले आणि रोबोंचे सिनेमे करता करता म्हातारे झाले. शेवटचा सिनेमा करायला ते मिनेसोटात आले, आणि त्यातला सगळ्यात रटाळ शॉट माझ्या गळ्यात पडला. एक आजी जमिनीवरून उठते. बस्स, एवढंच.

"हिच्या उठण्यात वजन नाही," ते म्हणायचे आणि शॉट परत पाठवायचे. मला असा संताप यायचा! माझं कॉन्ट्रॅक्ट संपत आलं होतं. शॉट पास झाला नाही तर नोकरी जाणार, तिच्यामागून व्हिसा, आणि ईडन प्रेरीतलं बिऱ्हाड गुंडाळून मी नागपूरला. या विचाराने जेवण जात नव्हतं.

आई तेव्हा नागपूरहून माझ्याकडे आली होती. म्हटलं, "आई, खाली बसून उठ ना, व्हिडिओ शूट करते." बाईसाहेबांनी आधी साडी बदलली, मग कवायतीत उठावं तशी ताडकन उठली. मी कपाळावर हात मारला.

दुसऱ्या दिवशी ती जमिनीवर मेथी निवडत बसली होती. मी गुपचूप फोनचा कॅमेरा सुरू करून ठेवला. मेथी झाली. तिने एक हात गुडघ्यावर ठेवला, आणि उठता उठता थांबली. इकडेतिकडे पाहिलं, सोफ्याखालची काडी काढली, लांबचं पान ओढून घेतलं, सतरंजीचा कोपरा सरळ केला. मग "आई गं" म्हणत उठली. फोन दिसल्यावर, "काय करून राहिली तू?"

मी शॉट अगदी तसाच केला. दिग्दर्शकांनी तो पुन्हा पुन्हा पाहिला.

"परत खाली बसावं लागू नये, म्हणून सगळं आत्ताच उरकतेय," ते म्हणाले. "मीही असंच करतो. जन्मभर रोबो उडवले, पण हे कधी काढलं नाही." आणि शॉट पास केला.

कॉन्ट्रॅक्ट वाढलं. पार्किंगमध्ये गाडीत बसून मी मनसोक्त रडले. इतकं हलकं मला कित्येक दिवसांत वाटलं नव्हतं.

घरी येऊन आईला सांगितलं. तिने देवापुढे साखर ठेवली, चिमूटभर माझ्या हातावर दिली.

"चला, सुटलीस बाई," ती म्हणाली. "म्हणजे आता तू काही नागपूरला येत नाहीस."